भिमाबाई काय म्हणत होती

कारंजदरा, ता. आष्टी, जि. बीड
१४ फेब्रुवारी २०१६

तारा,

नऊ वर्षांनी लिहितेय, आणि तेही कामासाठी. हे आधीच सांगून टाकते, म्हणजे पुढं वाचायचं की नाही ते तुझं तू ठरव.

पत्ता तुझ्या पुस्तकाच्या शेवटच्या पानावरून घेतला. पाकिटाला किती तिकिटं लागतात ते विचारायला आष्टीच्या पोस्टात गेलते. तिथल्या बाईंनी मेक्सिको हे नाव दोनदा वाचलं आणि विचारलं, "तिकडं कोण हाय तुमचं?" मी म्हटलं, "धाकटी बहीण. झापोटेक म्हणून लोक होते, त्यांनी अडीच हजार वर्षांमागं दगडावर माणसं कोरली. त्या माणसांची चित्रं काढती ती, अर्थ लावती." बाईंना काय कळलं कुणास ठाऊक. पण मी मान खाली घालून नाही सांगितलं, एवढं तुला कळावं.

आता काम. आईनं आणि बाकीच्या बायांनी बांधलेलं आपलं तळं यंदा पार आटलं. त्र्याहत्तर साली भराव टाकल्यापासून असा तळ मी पाहिला नव्हता. चिखलाची ढेकळं पायाखाली भाजल्या विटेसारखी वाजतात. जनावरं कडा गावाकडच्या चारा छावणीत आणि माणसं टँकरच्या वाटेकडं बघत बसलेली. गाळ काढायचं काम आपल्या मजूर संस्थेला मिळालंय. ज्या संस्थेची आई पहिली चेअरमन, तिची मी आज एकतीस वर्षं सेक्रेटरी आहे. गाळ निघाला की भरावावर आईचं काहीतरी उभं करायचं, असं गावाच्या मनात आलं.

इथंच गाडं अडलं. राधाकिशन सरपंच आहे आता. माणूस वाईट नाही. पण त्यानं तुझ्या पुस्तकातला आईचा फोटो मोबाइलात काढून नगरच्या एका कारागिराला दाखवला. तो सिमेंटची बाई करणार आहे, गालफडं बसलेली, हात पसरलेला. खाली पाटी, 'दुष्काळाच्या बळींच्या स्मरणार्थ'. मी विचारलं, हे काय. तर म्हणाला, "मनकर्णाबाई, बघणाराच्या डोळ्यात पानी आलं पायजे. आन् तुमच्याच बहिनीच्या पुस्तकात असं छापलंय."

त्याला काय बोलू. छापलंच आहेस तू. एका पानावर तुझ्या त्या टेकडीवरचा, मोंते आल्बानचा दगड. नागवा माणूस, हातपाय वेडेवाकडे, डोळे मिटलेले, तोंड उघडं. तू लिहिलंस, आधीचे लोक ह्यांना नाचणारे म्हणायचे, कुणी पोहणारे म्हणालं, कुणी आजारी, पण हे पकडून आणून मारलेले शत्रू आहेत, डोंगर चढून येणाऱ्यांना धाक बसावा म्हणून ओळीनं लावलेले. आणि समोरच्या पानावर आपली आई, खडीच्या ढिगावर, तोंड उघडं. खाली मथळा, 'भुकेने आक्रोश करणारी मजूर स्त्री, १९७३'.

बीडला तुझ्या भाषणात मी उठून जे बोलले ते सगळ्यांसमोर बोलले. "ही आईची भूक विकून पुस्तकं लिहिते." तुझा चेहरा मला अजून दिसतो. त्याबद्दल पुढं कधीतरी लिहीन. आत्ता एवढंच सांगते की आई भुकेनं ओरडत नव्हती.

मला सिमेंटची बाई नको. म्हाळू पाथरवट अजून आहे, सत्तरीचा झाला, पाटे-वरवंटे टाकी लावून देतो. तो काळ्या दगडात कोरायला तयार आहे. पण फोटो पुसट, त्याला रेघा कळत नाहीत. तुझ्यासारखं दगडाचं चित्र काढणारं आमच्याकडं कुणी नाही. आईचं चित्र काढून पाठव.

मनकर्णा

२७ मार्च २०१६

तारा,

तुझं पत्र मिळालं. अडीच ओळींचं. 'चित्र काढीन. पण ती ओरडत नव्हती तर काय करत होती? नेमका कोणता शब्द तोंडात होता? त्याशिवाय तोंड काढता येणार नाही.' खाली सही, तारा. 'आक्का' म्हणून हाकसुद्धा नाही. ठीक आहे. विचारलंस ते सांगते, आणि सगळंच सांगते, कारण आईनं तुला ते कधी सांगितलं नसणार. ती स्वतःबद्दल बोलायचीच नाही.

बहात्तरचा पाऊस गेला तेव्हा मी दहाची होते. बाप ऊस तोडायला खाली गेलता तो तिकडंच अडकला. तळ्याचं काम निघालं आणि आख्खं गाव खडी फोडायला लागलं. मी टोपल्याला हात लावायचे आणि झाडाखालची तान्ही पोरं बघायचे.

मस्टरवर हजेरी घ्यायला एक कारकून होता. तो बायांची नावं लिहीत नसे. 'आश्रुबाची बायको', 'शहादेवची आई', असं लिहायचा. नवरा गावात नसला की म्हणायचा, तो येऊन सांगू दे. एके दिवशी नीलम्मा कामावर आली. वाण्याच्या आळीतली, लिंगायताची. नवरा पटकीनं गेलता, घरात दोन पोरं. तिच्या माणसांत बाईनं टोपलं उचलणं म्हणजे लई कमीपणा, तरी ती आली. कारकून म्हणाला, "नवरा न्हाई, तर तुझं नाव कुणाच्या खाली लिहू?"

ती परत निघाली. आई खडी फोडत होती. तिनं हातोडा खाली ठेवला आणि म्हणाली, "नीलम्मा, थांब." मग कारकुनाला म्हणाली, "तिला नाव हाय की. नीलम्मा. तेच लिवा."

कारकून हसला. "तुझं काय गं मधीच? तू आश्रुबाची ना?"

"मी भिमाबाई."

एवढंच झालं तारा. कुणी भाषण केलं नाही. पण दुसऱ्या दिवशी एकेचाळीस बायांनी टोपली पालथी घातली आणि त्यावर बसून राहिल्या. आमची नावं लिवा, मग काम. आपल्या बौद्धवाड्यातल्या होत्या, मराठ्यांच्या होत्या, वंजाऱ्यांच्या होत्या, नीलम्मा होती. एरवी एकमेकींच्या घागरीला हात न लावणाऱ्या बाया त्या टोपल्यांवर ओळीनं बसल्या होत्या. मुकादमानं सांगितलं, जी पुढारी असेल तिचं नाव कायमचं कापीन, तिच्या घरात पुन्हा काम नाही. बायांनी एकमेकींकडं बघितलं, पण एकीनंही आईकडं बोट दाखवलं नाही.

तिसऱ्या दिवशी मुकादम तालुक्याच्या साहेबाला आणायला गेला आणि इकडं आई ढिगावर चढली. तिला वाचता येत नव्हतं, पण एकेचाळीस नावं तोंडपाठ होती. एकेक नाव घ्यायची, खालून ती बाई "हाय" म्हणायची. कारकून मस्टर मांडीवर घेऊन गप बसला होता. त्यानं लिहिलं नाही, तर आईनं पुन्हा पहिल्यापासून सुरुवात केली. सूर्य डोक्यावर होता, म्हणून फोटोत तिचे डोळे बारीक झालेत. तुझ्या दगडांवरच्या मेलेल्या माणसांसारखे मिटलेले नाहीत ते.

त्याच वेळी साहेबाची जीप आली, मुकादम उतरला आणि त्याच्यामागून फोटोवाला. चौथ्यांदा नावं घेणं चाललं होतं. फोटो निघाला तेव्हा तोंडात साखराबाईचं नाव होतं. मला पक्कं आठवतं, कारण साखराबाई माझ्याशेजारी बसली होती आणि तिनं "हाय" म्हटलं ते माझ्या कानात घुमलं. 'सा' म्हणताना तोंड जसं उघडतं तसं काढ.

त्या दिवशी चार वाजता नवं मस्टर उघडलं. पहिलं नाव नीलम्माचं घातलं. त्याच बायांनी दोन वर्षांनी संस्था काढली. चौदा तळी बांधली त्यांनी ह्या तालुक्यात. आई सही करायला शिकली ती संस्थेच्या पहिल्या ठरावावर.

आणखी एक. फोटोत आईनं पदर पुढं घेतलाय बघ, उन्हाला लोक घेतात तसा. तो उन्हासाठी नव्हता. पदराआड तू होतीस, सहा महिन्यांची, पोटात. जूनमध्ये तू झालीस. ढिगावर त्या दिवशी तूही होतीस, आणि तीच तू तिला बळी म्हणून छापलंस. राग त्याचा आला होता मला.

तू विचारशील, मग मथळा कुठून आला. तू तो जुन्या वर्तमानपत्रातून उतरवलास, हे मला माहीत आहे. वर्तमानपत्रात कुठून आला ते मी कसं सांगू. तेव्हा मी अकराची होते.

मनकर्णा

३ मे २०१६

तारा,

चित्र मिळालं. टपालातून पुठ्ठ्याची नळी आली तेव्हा छावणीवरून परत येत होते, तशीच ओट्यावर बसून उघडली. किती वेळ बघत बसले ते सांगत नाही. पाय घट्ट रोवलेले, मान वर, 'सा' म्हणतानाचं तोंड. पदराखाली तू स्वतःला काढलंयस, अगदी एक बाकदार रेघ, माहीत असलेल्यालाच दिसेल अशी.

तुझं पत्रही वाचलं. ह्या वेळी चार पानांचं. आक्का म्हणालीस. तू लिहिलंस की मोंते आल्बानच्या दगडांबद्दल आता तुमच्यातच दुमत झालंय. काही जण म्हणतात ते शत्रू नव्हतेच, त्याच गावचे लढवय्ये होते, वयाप्रमाणे, मानाप्रमाणे ओळीनं लावलेले, आणि दगडावर त्यांच्या अंगातून वाहताना कोरलेलं रक्त त्यांनी आपल्या हातानं पूर्वजांसाठी सांडलेलं. आणि तुझं वाक्य असं, 'मी वीस वर्षं त्यांच्या चेहऱ्यावर हार वाचली. आता खात्री नाही. ज्यांना विचारावं ते कुणी उरलेले नाहीत. आईबद्दल विचारायला तू होतीस, आणि मी तुला विचारलं नाही.'

मी ते पत्र म्हाळूला वाचून दाखवलं, पुस्तकातला दगडही दाखवला. त्यानं चष्मा कपाळावर सरकवून बराच वेळ पाहिलं. मग म्हणाला, "मेल्याला असंल नायतर जित्ता असंल, ते मला न्हाई कळत. पर ह्ये डोक्यापाशी काय खुणा हायेत?"

मी म्हटलं, "नावं असतील म्हणती तारा. काहींच्या जवळ कोरलीत."

"मग कोरणाराला ह्यो कोण हाय ते म्हाईत होतं," म्हाळू म्हणाला. "आपल्याबी दगडाला नावं पायजेत. सगळी. एकेचाळीस."

"एवढी जागा आहे का?"

"जागा मी करतो. तुमी नावं सांगा."

अशी ती गोष्ट ठरली. म्हाळूनं तळ्याच्या तळातूनच दगड निवडला. सकाळी ऊन चढायच्या आत दोन तास टाकी चालते.

मग परवा सभा झाली. राधाकिशननं चित्र पाहिलं. पण सिमेंटच्या बाईचं सोडवेना त्याला. म्हणाला, "म्हातारीला मान द्यायलाच पायजे. पर पेपरात त्या टायमाला जे छापलं ते खोटं कसं म्हणायचं? पेपरवाल्याला कुणीतरी सांगितलंच असंल ना, ही बाई भुकेनं वरडती म्हणून. कुणी सांगितलं?"

एकेचाळिसातल्या तिघी उरल्यात, साखराबाई, सरस्वतीबाई आणि नीलम्मा. तिघी पुढं बसल्या होत्या. साखराबाईनं सांगितलं की नाव तिचंच घेत होती. सरस्वतीबाईनंही होय म्हटलं. पण पेपरवाल्याला कुणी सांगितलं ते तिघींपैकी कुणी काढलं नाही. राधाकिशन म्हणाला, मग पुढच्या सभेत ठरवू. मी सेक्रेटरी, टेबलाशी बसले होते. सभेचं लिहून घेत होते. मान वर केली नाही.

तारा, मी सांगितलं.

फोटोवाला फोटो काढून माझ्यापाशी आला. साहेब आणि मुकादम त्याच्या मागं उभे होते. त्यानं मला विचारलं, "पोरी, ती बाई काय ओरडतेय?" मला वाटलं, खरं सांगितलं तर मुकादमाला पुढारी सापडली. त्यानं शपथ घेतली होती नाव कापायची. बाप नव्हता घरी. तू पोटात होतीस. मी म्हटलं, "माझी आई हाय ती. भूक लागली म्हनून वरडती. रोजच करती असं." साहेबानं च्च केलं आणि दुसरीकडं बघायला लागला. फोटोवाल्यानं वहीत लिहून घेतलं.

मथळा माझा आहे. तू पुण्याहून मला तो फोटो पाठवून विचारलं होतंस, ही आईच ना. मी नुसतं हो म्हटलं. तेव्हाच खरं सांगायला पाहिजे होतं. नाही सांगितलं, आणि पुस्तकात छापून आलं तेव्हा तुझ्यावर धावले. चारशे माणसांत तुला बोलले. ते बोलणं माझ्यावर होतं, तोंड तुझ्याकडं केलं होतं.

आईनं गावाला ताठ उभं राहायला शिकवलं आणि मी तिला जगासमोर भुकेली केली. ती गेली तोवर मी हे तिलाही सांगितलं नाही. सांगायला तोंड झालं नाही.

पुढची सभा बावीस तारखेला आहे. मी उठून सांगणार आहे. तुला आधी सांगितलं, कारण तुझा हक्क पहिला होता.

तुझी
आक्का

९ जून २०१६

तारा,

तुझा फोन आला तेव्हा मी तळ्यात होते, ट्रॅक्टरच्या आवाजात तुझं अर्धंच ऐकू आलं. जेवढं ऐकलं तेवढं पुरलं मला. तू रडत होतीस की हसत होतीस ते कळलं नाही. म्हणून हे सविस्तर लिहितेय.

सभेत मी उठले. कागद लिहून नेला होता, एकतीस वर्षांची सवय. तो वाचलाच नाही. सरळ सांगितलं, पेपरवाल्याला मी सांगितलं, खोटं सांगितलं, बहिणीला त्यापायी चारचौघांत बोलले. तो दोष तिचा नव्हता. राधाकिशननं खुर्चीतून उठून मला पाणी दिलं. त्यानंतर पाटीचा विषय त्यानं काढला नाही. सिमेंटची बाई रद्द, असा ठराव त्यानंच मांडला आणि तो सगळ्यांनी मंजूर केला.

काल दगड उभा राहिला. भरावाच्या उत्तर टोकाला, गावातून येणारी वाट जिथं चढते तिथं. पुरुषभर उंच. म्हाळूनं आईच्या कपाळावरची सुरकुती ठेवली पण गाल बसवले नाहीत. म्हणाला, "मी पायलंय तिला. गाल बसल्याले नव्हते, जबडा रुंद होता." नावं तिच्या दोन्ही बाजूंनी वरपासून खालपर्यंत कोरलीत, कुणाच्या बायकोचं, कुणाच्या आईचं असं एकही नाही. भिमाबाई हे नाव म्हाळूनं तिच्या पावलाशी कोरलं. मी म्हटलं, खाली का. म्हणाला, "सगळा भार तिच्यावर व्हता म्हनून." पाऊस अजून नाही. गाळ निम्म्याच्या वर निघाला. तळं आधीपेक्षा पुरुषभर खोल झालंय.

लांबून लांबून लोक आले. मेलेल्या बायांच्या सुना, नातवंडं. कड्यावरून, माजलगावाकडून, कुणी पुण्याहून गाडी करून. एकीची पणती डॉक्टर झालीय, तिनं आपल्या पणजीच्या नावावर हात ठेवून फोटो काढला. मला विचारलं, "हे चित्र कुणी काढलं?" मी म्हटलं, "माझ्या बहिणीनं. मेक्सिकोत असते." आणि ह्या वेळी सगळा पत्ता, सगळं काम, झापोटेक दगडांसकट तिला ऐकवलं. ती बिचारी उन्हात ऐकत उभी राहिली.

संध्याकाळी गर्दी पांगली. नीलम्माला तिच्या नातवानं खुर्चीवर उचलून आणलं होतं. पंच्याऐंशीची झाली, डोळ्यांनी कमी दिसतं, कान चांगले. मला जवळ बोलावून म्हणाली, "सभेत तू लई मोठं पाप केल्यासारखं बोललीस. मला तिथंच सांगायचं व्हतं, पर लोकांनी गलका केला."

मी म्हटलं, "काय सांगायचं होतं मावशी?"

"तुझ्या आईला म्हाईत व्हतं."

मी तिच्या खुर्चीपाशी खाली बसले.

"ढिगावरनं तिला ऐकू आलं नसंल," नीलम्मा म्हणाली, "पर साखराबाई तुझ्या शेजारीच बसली व्हती न्हवं? तिनं त्याच सांजेला सांगितलं. आमी समद्या व्हतो. मला वाटलं भिमा चिडंल. तर ती हसाय लागली. म्हनाली, मी ढिगावर चढून नावं घेत बसले, आन् माझ्या मनकर्णीनं खाली उभं राहून माझं नाव वाचवलं. साहेबाच्या तोंडावर. अकरा वर्साची पोर."

"मला कधी बोलली नाही ती."

"तुला कशाला बोलंल? तू शेफारली असतीस. पर नवी बाई कामावर आली की तिला पयली हीच गोष्ट सांगायची. चौदा तळ्यांवर सांगितली असंल."

मी साखराबाईकडं बघितलं. ती दगडाला टेकून बसली होती, मान हलवून हो म्हणाली. एवढी वर्षं ती माझ्यासमोर बसत आली, संस्थेच्या प्रत्येक सभेला. तिला वाटत होतं, मला माहीतच असणार; पहिल्या सभेतही मीच उठून सांगेन म्हणून तिघी थांबल्या होत्या.

तारा, त्रेचाळीस वर्षं मी ही गोष्ट जिवापाड लपवली. आणि आई ती ह्या तालुक्यात कामावरच्या सगळ्या बायांना सांगत फिरली होती.

तुझी
आक्का